देवदर्शन आणि युद्धस्मरण
(आपल्या मंडळाच्या वार्षिक स्नेहसंमेलनात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मंडळाच्या कार्यकारिणीने गेल्या माघ महिन्यातील एका रविवारी सभासद-कुटुंबांसाठी जी एक दिवसाची सहल काढली, तिचा वृत्तान्त आज आपणांपुढे ठेवावा अशी चिटणीसांची आज्ञा झाली. सहलीत वाटाड्याचे काम आमच्याकडे होते, म्हणून ही आज्ञा आम्ही आनंदाने शिरसावंद्य मानतो. ज्यांना त्या दिवशी येता आले नाही त्यांना घरबसल्या सहल घडावी, आणि जे आले होते त्यांनी आमच्या सांगण्यातील उणे-अधिक दुरुस्त करावे, एवढाच या भाषणाचा हेतू आहे.

सहलीचे पत्रक घरोघरी गेले तेव्हाच एक आक्षेप आला. पत्रकात प्रभादेवी, मुंबादेवी आणि वाळकेश्वर ही देवस्थाने होती. आणि त्यांच्याच ओळीत भायखळ्याचे अग्निशमन दल, गोदीचा रस्ता व आझाद मैदान ही नावेही होती. एका ज्येष्ठ भगिनींनी आम्हांला वाटेत थांबवून विचारले, "गुरुजी, देवदर्शनाला निघालेल्या माणसांना जाळपोळीच्या आणि रक्तपाताच्या जागा कशाला दाखवता? यात्रा काढायची तर यात्रा काढा, नाहीतर मुलांची इतिहासाची सहल काढा. दोन्हींची खिचडी कशाला?" प्रश्न रास्त होता. आम्ही त्यांना एवढेच म्हणालो की, "बाई, आपण बरोबर या. संध्याकाळी वाळकेश्वरी पोहोचल्यावर हाच प्रश्न पुन्हा विचारा." बाई आल्या. आज त्या समोरच्या रांगेत बसल्या आहेत हे पाहून आम्हांला धीर येतो आणि थोडी धास्तीही वाटते.

सकाळी सात वाजता दादरहून बस निघाली. पहिले दर्शन प्रभादेवीचे. सिद्धिविनायकाच्या मंदिरामुळे तो सारा परिसर आज देशभर प्रसिद्ध आहे. सिद्धिविनायकाची प्रतिष्ठापना १८०१ साली झाली. परंतु ज्या देवीच्या नावाने तो भाग ओळखला जातो तिचे देऊळ त्याहून जुने असून तेथे रविवारीही शांतता असते. परंपरा अशी सांगते की, परचक्राच्या काळात देवीची मूर्ती विहिरीत लपवून ठेवण्यात आली आणि पुढे दृष्टान्त होऊन ती बाहेर काढण्यात आली. अठराव्या शतकाच्या आरंभी, १७१५ च्या सुमारास, तिचे देऊळ उभे राहिले. दृष्टान्ताची गोष्ट श्रद्धेची आहे. तिच्यावर आम्ही वाद करणार नाही. परंतु विचार करण्याजोगी गोष्ट ही की, लढाई आली तेव्हा कोणीतरी माणसांनी आपल्या चीजवस्तू आवरण्याआधी मूर्ती उचलली, विहिरीत सोडली आणि ती जागा मनात जपली. त्यांची नावे कोणालाही ठाऊक नाहीत. देवी राहिली आणि तिला वाचविणारे हात विसरले गेले. सहलीच्या पहिल्याच मुक्कामी सापडलेला हा धागा पुढे दिवसभर आमच्या हातातून सुटला नाही.

तेथून परळ. बारादेवीच्या देवळाच्या आवारात एक प्रचंड शैवशिल्प आहे. परळहून शिवडीकडे जाणारा रस्ता १९३१ साली बांधीत असताना हे शिल्प जमिनीत सापडले. जवळजवळ दोन पुरुष उंचीच्या एकाच पाषाणात शिवाची सात रूपे एकातून एक उमललेली आहेत. जाणकार ते पाचव्या-सहाव्या शतकातील मानतात. म्हणजे घारापुरीच्या लेण्यांच्या काळाच्या आसपासचे. ते कोणी घडविले, कोणासाठी घडविले, आणि ते भूमीखाली कसे गेले याविषयी एक अक्षर कोठे लिहिलेले नाही. परळच्या गिरणगावात मजुरांच्या चाळींमध्ये हा महादेव चौदाशे वर्षांनी वर आला आणि शेजारच्या देवीच्या आश्रयाला राहिला. आमच्याबरोबरची लहान मुले त्या शिल्पापुढे गप्प उभी राहिली. ती आपण होऊन गप्प राहिल्याचे आम्ही शिक्षकाच्या नोकरीत फार क्वचित पाहिले आहे.

परळच्या रस्त्यावर येताच आम्ही मंडळींना दुसरी एक गोष्ट सांगितली. १९४५ च्या ऑगस्टमध्ये महायुद्ध संपले; परंतु युद्धाचे शेपूट मुंबईत १९४६ च्या फेब्रुवारीपर्यंत वळवळत होते. त्या महिन्याच्या १८ तारखेला कुलाब्याच्या 'तलवार' या नाविक केंद्रातील हिंदी खलाशांनी निकृष्ट अन्न आणि गोऱ्या अधिकाऱ्यांची अपमानकारक भाषा यांविरुद्ध संप पुकारला. युद्धभर ज्यांनी साम्राज्यासाठी जीव धोक्यात घातला होता, तीच ही मुले. चार दिवसांनी, २२ तारखेस, त्यांच्या पाठिंब्यासाठी गिरणगाव बंद पडले. रस्त्यांवर लष्कर आले आणि गोळीबार झाला. परळ येथे महिला कार्यकर्त्या कमल दोंदे गोळी लागून मृत्युमुखी पडल्या आणि त्यांच्यासोबतच्या कुसुम रणदिवे यांच्या पायाला गोळी लागली. त्या दोन-तीन दिवसांत मुंबईत दोनशेहून अधिक माणसे मारली गेली. त्यांतील बहुतेक आपल्यासारखीच चाळींतून राहणारी, कामावर जाणारी किंवा कामावरून परतणारी माणसे होती. कुलाब्यात नाविक उठावाचे स्मारक आहे. परळ-लालबागच्या मृतांची आठवण मात्र मुख्यतः तेथील जुन्या रहिवाशांच्या बोलण्यातच राहिली आहे.

लालबागेत बस हळू चालली. येथला राजा १९३४ साली प्रथम बसला. बाजाराला कायमची जागा मिळावी म्हणून कोळी बांधव आणि छोट्या व्यापाऱ्यांनी नवस बोलला होता, तो फळला, आणि त्यातून हा उत्सव उभा राहिला. आज भाद्रपदात दर्शनासाठी लोक रात्र-रात्र रांगेत उभे राहतात. त्या रांगेचे आम्हांला कौतुक आहे. परंतु तेथून बसने पंधरा-वीस मिनिटांच्या अंतरावर अशी एक जागा आहे की जेथे वर्षाकाठी एक दिवस सोडला तर रांग लागत नाही. ती जागा म्हणजे भायखळ्याचे अग्निशमन दलाचे मुख्यालय. तेथे १४ एप्रिल १९४४ च्या स्फोटात कामी आलेल्या जवानांचे स्मारक आहे.

या स्फोटाची हकीकत आपल्यातील वडील मंडळींना तुकड्या-तुकड्यांनी ठाऊक असते; मुलांना बहुधा मुळीच नसते. म्हणून ती येथे क्रमाने सांगतो. 'फोर्ट स्टिकिन' नावाचे सुमारे सात हजार टनांचे मालवाहू जहाज विलायतेहून कराचीमार्गे १२ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत लागले. त्यावर सुमारे चौदाशे टन दारूगोळा व स्फोटके होती. कराचीत त्यात कापसाच्या हजारो गासड्या भरण्यात आल्या. शिवाय तेलाची पिंपे, लाकूड, मासळी आणि युद्धकाळात हिंदुस्थानात पाठविलेल्या सोन्याच्या विटा. कापूस, तेल आणि दारू एका पोटात घेऊन आलेले हे जहाज चौदा तारखेस दुपारी दोनच्या सुमारास आतून धुमसू लागले. बंब आले. शेकडो टन पाणी आत सोडण्यात आले, तरी आगीचे मूळ सापडेना. चार वाजण्यास दहा मिनिटे असताना जहाज सोडून देण्याचा हुकूम झाला. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला स्फोट झाला. त्यानंतर सुमारे अर्ध्या तासाने दुसरा, पहिल्याहून भयंकर स्फोट झाला. सतराशे किलोमीटर दूर सिमल्याच्या भूकंपमापक यंत्रावरही त्याची नोंद झाली.

अग्निशमन दलाचे सहासष्ट जवान त्यात मेले. एकूण मृतांचा आकडा आठशेपासून तेराशेपर्यंत निरनिराळा सांगितला जातो. हा फरक का, हे आपण ध्यानात घ्यावे. गोदीत रोजंदारीवर काम करणारा हमाल, बिगारी, गाडीवान, वखारीच्या पायरीवर विसावलेला परगावचा माणूस यांची नावे कोणत्याही हजेरीपटावर नव्हती. ज्याचे नाव पटावर नाही, तो गैरहजर झाला तरी पुकारा होत नाही. ऐंशी हजारांच्या आसपास लोक बेघर झाले. धान्याच्या आणि कापसाच्या वखारी जळत राहिल्या. आग आटोक्यात येण्यास तीन दिवस लागले. राडारोडा उपसून गोदी पुन्हा चालू करण्यासाठी आठ हजार माणसे सात महिने खपत होती. सोन्याच्या विटा दूरदूरच्या घरांपर्यंत उडाल्या. त्यांतील बहुतेक पुढे परत मिळाल्या. सोन्याचा हिशेब लागला, माणसांचा लागला नाही.

आणखी एक गोष्ट. हे सारे भरदुपारी लाखो लोकांच्या कानांदेखत घडले, परंतु ते छापण्याची वर्तमानपत्रांना मुभा नव्हती. युद्धकाळचा बातमीबंदीचा अंमल होता. शत्रूच्या ताब्यातील सायगावच्या रेडिओने दुसऱ्याच दिवशी ही बातमी जगाला दिली. मुंबईच्या पत्रकारांना ती सविस्तर देण्याची परवानगी मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात मिळाली. म्हणजे जवळजवळ चार आठवडे ही घटना कागदावर घडलीच नव्हती. ती फक्त घराघरांत, जिन्यावर, नळावर आणि वाण्याच्या दुकानात घडली होती.

भायखळ्याच्या स्मारकाला बाहेरूनच वंदन करून आम्ही जवळच्या राणीच्या बागेत आलो आणि एका मोठ्या वृक्षाखाली शिदोऱ्या सोडल्या. दशम्या, बटाट्याची भाजी, लसणीची चटणी आणि घरचे लोणचे. जेवताना गप्पांचा ओघ आपोआप स्फोटाकडे वळला. आमच्यात नव्वदी ओलांडलेल्या एक आजी होत्या. बसमध्ये त्या फारसे बोलल्या नव्हत्या. आता त्या हातातील घास ताटात ठेवून बोलू लागल्या.

त्या म्हणाल्या, "मी तेव्हा दहा वर्षांची. गिरगावात चाळीत राहायचो. दुपारची आई फडताळ पुसत होती. एकदम सगळी भांडी खाली आली. आईला वाटलं माझ्याच हातून पडलं, म्हणून तिनं माझ्याकडं डोळे वटारून पाहिलं. तेवढ्यात गॅलरीतून बायका ओरडल्या, जपानी आले, जपानी आले. आमचे वडील मांडवीला धान्याच्या पेढीवर होते. ते त्या रात्री आले नाहीत. आई रात्रभर दारात बसली. दुसऱ्या दिवशी दुपारी आले ते काळेठिक्कर, अंगावर जळक्या कापसाचं भस्म. पायांत वहाणा नव्हत्या. आईनं त्यांना आत घेतलं नाही आधी, दारातच पायांवर पाणी घातलं आणि मग रडली. वडील नुसते म्हणाले, पेढीवरचे तिघं सापडत नाहीत. त्यांची नावं ते पुढं कायम घ्यायचे, पण मी लहान. आता मला त्यातलं एकच आठवतं, आणि तेही नुसतं पाळण्यातलं नाव."

वृक्षाखाली कोणी बोलले नाही. आजींचे चिरंजीव सत्तरीकडे झुकलेले आहेत. त्यांनी ही हकीकत त्या दिवशी प्रथमच ऐकली असे ते आम्हांला मागाहून म्हणाले.

जेवणानंतर बस गोदीच्या रस्त्याला लागली. ज्याला पूर्वी फ्रियर रोड म्हणत आणि आज पी. डिमेलो मार्ग म्हणतात, तोच हा रस्ता. गोदीच्या आत सर्वसामान्य माणसास प्रवेश नसतो, आणि ती व्हिक्टोरिया गोदीही आता भराव घालून बुजविण्यात आली आहे. पाहण्यासारखे काही नाही, असे कोणी म्हणेल तर ते खरे आहे. आम्ही फाटकाबाहेर बसमधूनच दोन मिनिटे शांत राहिलो आणि पुढे निघालो. त्याच भागात मशीद बंदराजवळ इंडियन सेलर्स होम ही खलाशांची जुनी संस्था आहे. पहिल्या महायुद्धात समुद्रावर मेलेल्या दोन हजारांहून अधिक हिंदी खलाशांचे स्मारक तेथे आहे, आणि दुसऱ्या महायुद्धातील मृत खलाशांच्या नावांचीही नोंद तेथे जतन केलेली आहे. ही माणसे आगवाले, कोळसेवाले, भंडारी, लष्कर. कोकणच्या खाड्यांवरचे मुसलमान, गोव्याचे ख्रिस्ती, काठेवाडचे खारवे आणि पूर्व बंगालचे नावाडी. त्यांना समुद्राखेरीज दुसरी समाधी नाही. ज्याला चिता मिळाली नाही, ज्याला मूठमाती मिळाली नाही, त्याचे नाव मोठ्याने वाचणे हेच त्याचे तर्पण, असे आम्ही मुलांना सांगितले.

तेथून कोटात, सेंट थॉमस या ख्रिस्ती मंदिरात. येथे मात्र थोडा इतिहास मागे जाऊन सांगावा लागेल, कारण दिवसाचा मुख्य नायक येथेच भेटला. हे चर्च १७१८ च्या नाताळात उपासनेसाठी खुले झाले. तेव्हा मुंबईचा गव्हर्नर चार्ल्स बून होता. शहराभोवतीचा तट त्याच्याच कारकिर्दीतला, आणि कान्होजी आंग्र्यांशी त्याचे हाडवैर. विजयदुर्ग आणि खांदेरीवर त्याने केलेल्या स्वाऱ्या फसल्या होत्या. त्या नाताळच्या समारंभाचे वर्णन तेथील पाद्री कॉब यांनी लिहून ठेवले आहे. त्यात असे आहे की, रामाजी नावाचे हिंदू गृहस्थ आपल्या सर्व ज्ञातीसह आले होते आणि उपासना संपेपर्यंत आदराने उभे राहिले.

हे रामाजी म्हणजे रामा कामत किंवा कामाठी. सारस्वत समाजातील, कंपनी सरकारच्या पदरी हिंदी शिपायांचे नायकत्व केलेले, शहरातील एक मातब्बर पुरुष. पोर्तुगीज अमदानीत उद्ध्वस्त झालेले वाळकेश्वराचे देऊळ १७१५ साली यांनीच पुन्हा उभारले. परंतु चर्चमध्ये मानाने उभे राहिल्यानंतर दोन वर्षांच्या आत, १७२० साली, त्यांच्यावर आंग्र्यांशी गुप्त पत्रव्यवहार केल्याचा, म्हणजे राजद्रोहाचा, खटला चालला. पुरावा म्हणून पत्रे दाखविण्यात आली. त्यांच्या कारकुनाच्या अंगठ्यांना लोखंडी पेच आवळून त्याच्याकडून जबानी घेण्यात आली. शिक्षा झाली, मालमत्ता जप्त होऊन विकली गेली, आणि हा पुरुष १७२८ च्या सुमारास कैदेतच मरण पावला. ती पत्रे बनावट होती असे पुढे दिसून आले. परंतु तोपर्यंत त्याचा उपयोग कोणालाच नव्हता.

येथे आमच्यातील एका तरुण सभासदाने हळूच विचारले, "गुरुजी, हे आपल्या ज्ञातीचे होते का?" असा प्रश्न ज्ञातीच्या सहलीत निघणारच, त्यात हसण्यासारखे काही नाही. आम्ही त्यास म्हणालो की, तू भायखळ्याला, परळला आणि मशीद बंदरला हा प्रश्न विचारला नाहीस, तो येथे का विचारलास? कारण हा मनुष्य मोठा होता म्हणून. मोठ्या माणसांना ज्ञाती आपापल्याकडे ओढतात. गोदीतल्या हमालाला ओढून घ्यायला कोणी येत नाही. त्या तरुणाने ते मोकळ्या मनाने मान्य केले, हे त्याच्या बाजूने सांगितले पाहिजे.

चर्चच्या भिंतींवर संगमरवरी पाट्या आहेत. इंग्रज सेनाधिकारी व नाविक कोणत्या लढाईत, कोणत्या समुद्रात मेले याची त्यांवर नोंद आहे. राज्य परक्यांचे होते, परंतु आपल्या मृतांची नावे लिहून ठेवण्याची त्यांची ही रीत घेण्याजोगी आहे.

तेथून आझाद मैदान. पूर्वी हे किल्ल्याच्या तटासमोरचे मोकळे मैदान. तोफांच्या माऱ्यास आडोसा राहू नये म्हणून मोकळे ठेवलेले. १८५७ साली, १५ ऑक्टोबर रोजी, याच मैदानावर हवालदार सय्यद हुसेन आणि शिपाई मंगल गडिया यांना तोफेच्या तोंडी देण्यात आले. सोनापुराजवळच्या एका घरात दिवाळीच्या सुमारास उठाव करण्याचा बेत चालल्याची खबर पोलिसांना लागली होती. एक मुसलमान, एक हिंदू. दोघांना एकाच दिवशी, एकाच मैदानावर. तेथे क्रिकेट खेळणाऱ्या मुलांना ही नावे ठाऊक नव्हती. आमच्या मुलांनी ती त्यांना सांगितली, आणि मग चेंडू परत दिला.

मुंबादेवीचे मूळ देऊळ या मैदानाच्या पलीकडे, आजच्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसच्या परिसरात होते. १७३९ साली चिमाजी अप्पांनी वसई घेतली तेव्हा मराठे आता मुंबईवर येणार या धास्तीने इंग्रजांनी तटाभोवती खंदक खणण्याचे काम काढले. शहरातील व्यापाऱ्यांनी त्यास तीस हजार रुपये दिले. त्या शतकातील किल्ल्याच्या या बंदोबस्तापायी देवीला आपली जागा सोडावी लागली, असे सांगतात. आज ती भुलेश्वराजवळ जवाहिऱ्यांच्या बाजारात आहे. पाहा कसा योग आहे! वसईच्या विजयाचा आपण अभिमान बाळगतो, आणि त्याच विजयाच्या धास्तीने खणलेल्या खंदकाच्या काळात या नगरीची ग्रामदेवता विस्थापित झाली. युद्ध कोणीही जिंको, कोणाचे तरी घर हलतेच. येथे तर देवीचे हलले. आम्ही ओटी भरली, नारळ वाढविला आणि गिरगावात आलो.

गिरगावात वेळ थोडा होता. गवालिया टँकच्या मैदानाचे, जेथे ८ ऑगस्ट १९४२ रोजी 'छोडो भारत'चा ठराव झाला त्या जागेचे, दर्शन घेतले. त्यानंतरच्या तीन महिन्यांत उषा मेहता आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गिरगाव, गावदेवी, वाळकेश्वर या भागांत जागा बदलत-बदलत गुप्त काँग्रेस रेडिओ चालविला. १२ नोव्हेंबर १९४२ रोजी त्या पकडल्या गेल्या. वर्तमानपत्रांना जे छापण्याची बंदी होती ते हा रेडिओ बोलत होता. ज्या वाड्यांतून आपल्यातील अनेकांचे बालपण गेले, त्यांच्याच आसपास हे घडले.

सायंकाळी वाळकेश्वरी पोहोचलो तेव्हा बाणगंगेवर दिवे लागत होते. तेथील कथा आपण जाणताच. सीतेच्या शोधार्थ लंकेकडे निघालेल्या प्रभू रामचंद्रांनी येथे वाळूचे लिंग करून पूजा केली. तहान लागली तेव्हा बाण मारून गंगा आणली. आम्ही त्या ज्येष्ठ भगिनींना पायऱ्यांवर बसवून विचारले, "बाई, आता आपला प्रश्न विचारता?" बाई थोडा वेळ पाण्याकडे पाहत राहिल्या आणि म्हणाल्या, "रामसुद्धा लढाईलाच निघाला होता की. आता कसला प्रश्न विचारू? पण गुरुजी, त्या आजींना ती तीन नावं आठवायला हवी होती."

सभासदहो, आमच्या साऱ्या भाषणाचे सार बाईंच्या या शेवटच्या वाक्यात आहे. देवाचे विस्मरण आपण होऊ देत नाही, कारण त्यासाठी घंटा आहे, काकड आरती आहे, तिथी आहे, पुजारी आहे. माणसांच्या स्मरणासाठी यांतले काही नाही. त्यांचे स्मरण दोनच ठिकाणी राहते : कागदावर किंवा कोणाच्या तरी मुखात. कागदही नेहमी विश्वासू नसतो. बनावट कागदाने रामा कामतांचा बळी घेतला, आणि १९४४ साली कागदाला बोलण्याचीच बंदी होती. मुख तर मर्त्यच आहे. १४ एप्रिल १९४४ ज्यांना कळत्या वयात आठवतो अशी माणसे आता नव्वदीच्या आगेमागे आहेत. आपल्या मंडळाच्या यादीत ती किती उरली आहेत हे आपण बोटांवर मोजू शकाल. आमचे तीर्थरूप त्या काळी लालबागेत होते. गिरणीचा बॉयलर फुटला असे वाटून सारी चाळ रस्त्यावर धावली, एवढे एकच वाक्य त्यांनी आम्हांला सांगितले होते. ते वाक्य आज आम्ही आपल्या स्वाधीन करतो, म्हणजे ते आमच्याबरोबर जाणार नाही.

आपल्या या वार्षिक अंकात विवाह, मौंजी, परीक्षांतील यश, देणग्या आणि निधनवार्ता दरवर्षी नियमाने येतात. या नोंदी मोलाच्याच आहेत. त्यांत पुढील वर्षापासून आणखी एक सदर असावे, अशी आमची कार्यकारिणीस विनंती आहे. प्रत्येक कुटुंबाने आपल्या घरातील सर्वांत वृद्ध माणसाजवळ बसून तीन गोष्टी विचाराव्यात. १९४२ साली जपान्यांच्या भीतीने मुंबई रिकामी होऊ लागली, तेव्हा घरातील कोण गावी गेले आणि कोण येथेच राहिले? एप्रिल १९४४ च्या त्या दुपारी कोण कोठे होते, आणि कोण परत आले नाही? फेब्रुवारी १९४६ मध्ये घरातील कोणी काय पाहिले? उत्तर एका पानात लिहावे.

लिहिताना काही पथ्ये पाळावीत, ही शिक्षकाची खोड समजून सोसावी. सांगणाऱ्याचे नाव, तेव्हाचे वय, आणि राहण्याची जागा अगोदर लिहावी. जे डोळ्यांनी पाहिले ते पाहिले म्हणून, जे ऐकले ते ऐकले म्हणूनच लिहावे. दोन्हींची सरमिसळ करू नये. आपल्या घराचे नाव मोठे व्हावे म्हणून एक शब्दही अधिक घालू नये. खोट्या कागदाने काय होते ते वाळकेश्वराचे देऊळ बांधणाऱ्याच्या नशिबी आलेच. आणि शेजाऱ्याचे, पेढीवरच्या सोबत्याचे, हमालाचे नाव आठवत असेल तर ते अवश्य लिहावे, मग तो कोणत्याही ज्ञातीचा असो. आपल्या अंकात आपल्याच माणसांची नावे असावीत हा नियम या एका सदरापुरता शिथिल करावा, असे आम्ही नम्रतेने सुचवितो.

दुसरी विनंती लहान आहे. १४ एप्रिल ही तारीख विसरण्यासारखी नाही; डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या जयंतीचा तो दिवस, आणि त्याच दिवसापासून देशभर अग्निशमन सेवा सप्ताह पाळला जातो. त्या दिवशी मंडळाच्या वतीने चार माणसांनी भायखळ्यास जाऊन, तेथील अधिकाऱ्यांची अनुज्ञा घेऊन, स्मारकावर एक हार वाहावा. खर्च फार नाही. फुलांपुरता आमचा वाटा आम्ही आजच चिटणीसांकडे दिला आहे.

शेवटी, सहलीची व्यवस्था चोख ठेवणारे स्वयंसेवक, पहाटे उठून शिदोऱ्या बांधणाऱ्या भगिनी, आणि गर्दीतून बस सुखरूप नेणारे चालक यांचे आभार मानतो. राणीच्या बागेत बोलणाऱ्या आजींनी परवा आम्हांला निरोप पाठविला आहे. त्यांना दुसरे एक नाव आठवले. ते आम्ही वहीत लिहून घेतले आहे. तिसऱ्यासाठी येत्या रविवारी त्यांच्याकडे पुन्हा जाणार आहोत. ज्यांना बरोबर यायचे असेल त्यांनी सभा संपल्यावर आम्हांला भेटावे.